वयाचं काम

रोहिणी हट्टंगडी यांचा विषय निघाला की दोन गोष्टी हमखास बोलल्या जातात. पहिली अभिमानाची. रिचर्ड अॅटनबरो यांच्या ‘गांधी’मधल्या कस्तुरबांसाठी त्यांना बाफ्टा पुरस्कार मिळाला. दुसरी हळहळीची. एवढ्या ताकदीची नटी, पण ऐन तिशीत तिला म्हातारं केलं आणि पुढे सिनेमानं तिला आईच्या भूमिकांतून बाहेर पडूच दिलं नाही. ही हळहळ खोटी नाही, आणि तिच्यामागची आपुलकीही खरी आहे. तरी तिच्यात एक समजूत गृहीत धरलेली असते आणि ती मला पटत नाही. जो नट आज प्रियकर, उद्या खुनी आणि परवा विदूषक होतो तो अष्टपैलू; एकाच तऱ्हेच्या भूमिका करणारा मात्र कितीही चांगला असला तरी साच्यातला, अशी ती समजूत. माझं म्हणणं असं, की हट्टंगडी यांचं अष्टपैलुत्व भूमिकांच्या यादीत शोधूच नये. ‘आई’ ही भूमिका नसते. ते पटकथेतलं एक नातं असतं आणि त्या नात्यात कोणती बाई उभी करायची हे बरंचसं नटाच्या हातात असतं. हट्टंगडी यांनी तिथे दर वेळी निराळी बाई उभी केली, आणि ती उभी करताना वय हे त्यांचं मुख्य साधन होतं. रंगभूषेनं चढवलेलं वय नव्हे. पाठीच्या कण्यातून, श्वासातून, बोलताना घेतलेल्या थांब्यांतून घडवलेलं.

याचं मूळ त्यांच्या शिक्षणात सापडतं. पुण्यात वाढलेल्या रोहिणी ओक १९७१ साली दिल्लीच्या राष्ट्रीय नाट्य विद्यालयात गेल्या आणि इब्राहिम अल्काझी यांच्या हाताखाली १९७४ पर्यंत शिकल्या. जयदेव हट्टंगडीही तिथलेच. पुढे दिग्दर्शक आणि नटी म्हणून या दोघांनी मराठी रंगभूमीवर जे काम केलं, त्याची पायाभरणी तिथे झाली. पण मला महत्त्वाच्या वाटतात त्या तिथल्या दोन अनुभवांच्या खुणा: शिवराम कारंतांचं यक्षगान आणि शोझो सातो यांनी बसवलेलं काबुकी पद्धतीचं ‘इबारागी’. या दोन्ही परंपरा शतकानुशतकं पुरुषांच्या. तिथे बाई जन्मानं रंगमंचावर येत नाही, घडवली जाते. पाऊल किती अंतरावर पडतं, मान किती झुकते, आवाज छातीतून येतो की टाळूतून, यावरून ती तरुण की वृद्ध, राणी की दासी हे प्रेक्षकाला कळतं. ‘इबारागी’च्या तर कथेतच हे आहे. तोडलेला हात परत न्यायला आलेला राक्षस योद्ध्याच्या घरी शिरतो तो त्याच्या म्हाताऱ्या नातलग बाईचं रूप घेऊन, आणि ते रूप इतकं बेमालूम असतं की योद्धा फसतो. वास्तववादी सिनेमा नटीला आधी तिचं वय विचारतो. या रंगशैली तो प्रश्न विचारतच नाहीत. तुला हे वय उभं करता येतं का, एवढंच त्या विचारतात. ज्या मुलीनं विशीत ही तालीम घेतली, तिला तिशीत साठीची बाई करणं ही शिक्षा वाटली असेल असं आपण का समजावं?

‘गांधी’चं चित्रीकरण १९८० च्या अखेरीस सुरू झालं आणि १९८१ च्या मेमध्ये संपलं. या काही महिन्यांत हट्टंगडी यांना कस्तुरबांचं जवळजवळ अर्धशतक उभं करायचं होतं: दक्षिण आफ्रिकेतल्या तरुण गृहिणीपासून पुण्याच्या आगाखान पॅलेसमध्ये २२ फेब्रुवारी १९४४ ला प्राण सोडणाऱ्या वृद्धेपर्यंत. त्यातले दोन प्रसंग शेजारी ठेवून पाहण्यासारखे आहेत. पहिला आश्रमातल्या भांडणाचा. संडास साफ करण्याची पाळी आपल्यावर यावी हे कस्तुरबांना मान्य नाही. शब्दानं शब्द वाढतो आणि गांधी तिला धरून दाराकडे ओढत नेतात. गांधींनी आत्मकथेत शरमेनं कबूल केलेल्या प्रसंगाचं हे चित्रपटातलं रूप. इथे हट्टंगडी यांचा आवाज वर चढतो आणि शरीर ताठ होतं, पण मला त्यानंतरचा क्षण जास्त मोलाचा वाटतो. नवरा ओशाळून माफी मागतो आणि ती स्वतःहून ते काम पत्करते. ही शरणागती आहे असं त्या वाटू देत नाहीत. आपला हक्काचा राग बोलून दाखवलेली बाई आता स्वतःच्या निर्णयानं कामाला निघाली आहे, एवढंच दिसतं. पुढच्या सगळ्या कस्तुरबा या एका वळणातून येतात. दुसरा प्रसंग उतारवयातला. अमेरिकन वार्ताहराला आपलं लग्न कसं झालं ते हे जोडपं करून दाखवतं, पावलं टाकतं, वचनं म्हणतं. म्हणजे तिशीच्या आसपासची नटी साठीच्या बाईचं काम करते आहे, आणि ती साठीची बाई तेरा वर्षांच्या नवरीचं काम करते आहे. यात जरा हात सुटला असता तर एक तर म्हातारपण गळून पडलं असतं, नाहीतर नवरीचं बाळबोध सोंग झालं असतं. हट्टंगडी शरीर म्हातारंच ठेवतात आणि लाजणं तेवढं तेरा वर्षांचं आणतात. तीन वयं एका देहात एकाच वेळी दिसतात. हे साध्य करणाऱ्या नटीला ‘म्हातारी करून टाकली’ असं म्हणताना आपण तिच्या कामाकडे पाहतच नाही.

त्याच १९८२ साली महेश भट्ट यांचा ‘अर्थ’ आला. त्यात हट्टंगडी शबाना आझमींच्या घरी काम करणारी बाई आहेत. नवरा दारुडा आणि बाहेरख्याली, लेकीला चांगल्या शाळेत घालायचं म्हणून पै पै साठवलेली, आणि ते पैसे नवरा उचलून दुसऱ्या बाईवर उधळतो. मग ती त्याला मारून टाकते आणि पहिली काळजी करते ती लेकीची. हीसुद्धा आईच. पण कस्तुरबांच्या कोणत्याही खुणा तिच्यात नाहीत. चाल निराळी, भाषेचा ठसका निराळा, हसताना अंगाला येणारा हिसका निराळा. या भूमिकेला फिल्मफेअर मिळालं. त्यानंतर दोन वर्षांनी ‘सारांश’. शिवाजी पार्कला राहणारं प्रधान हे मराठी जोडपं, न्यूयॉर्कला मारला गेलेला एकुलता मुलगा, आणि त्याच्या अस्थींसाठी सरकारी कचेरीत ताटकळणारा बाप. (या चित्रपटाची गाणी वसंत देवांची, हे आता कितीजणांना आठवतं?) अनुपम खेर यांच्या वाट्याला फुटून बाहेर पडणारं दुःख आलं आणि ते त्यांनी अविस्मरणीय केलं. पार्वतीच्या वाट्याला त्याहून अवघड गोष्ट आली: मुलगा भाडेकरू मुलीच्या पोटी परत येणार ही भाबडी आशा. ही आशा प्रेक्षकाला हास्यास्पद वाटण्याचा धोका होता, पण एकदाही वाटत नाही. कारण आशा धरल्यापासून पार्वतीच्या हालचालीत लगबग येते, स्वयंपाकघरात हात चालू लागतो, आणि आपल्याला कळतं की ही श्रद्धा काढून घेतली तर ही बाई उठून उभीही राहू शकणार नाही. वय इथे खालीवर होतं. शोकानं वाढलेलं वय आशेनं उतरतं आणि शेवटी सत्यानं पुन्हा चढतं. एका चित्रपटात एकाच बाईचं वय असं हलवता येणं हे माझ्या मते हिंदी सिनेमातल्या अभिनयाच्या मोठ्या कामगिऱ्यांपैकी एक आहे, आणि तिच्याबद्दल आपण पुरेसं बोललेलो नाही.

आता पहिला आक्षेप, आणि तो गंभीर आहे. ‘सारांश’ केला तेव्हा अनुपम खेर अठ्ठावीस वर्षांचे होते. तेही तरुणपणी म्हातारे झाले, तेही त्याच घरात, त्याच पडद्यावर. पण त्यांच्यापुढे सगळ्या वाटा मोकळ्या झाल्या. ‘कर्मा’तला डॉक्टर डँग झाला, ‘राम लखन’मधला विनोद झाला, ‘डॅडी’ झाला. वयाची सक्ती त्यांच्यावर बसली नाही. हट्टंगडी यांना मात्र नायकाच्या आया मिळत राहिल्या, अगदी आपल्यापेक्षा मोठ्या नायकाच्यासुद्धा. पुरुषाचं म्हातारपण हा अभिनय ठरला आणि बाईचं म्हातारपण हा शिक्का. हे सगळं खरं आहे. या अन्यायाची मराठी नट्यांशी फार जवळची ओळख आहे. दुर्गा खोटे, लीला चिटणीस, ललिता पवार, सुलोचनाबाई, रोहिणी हट्टंगडी, रीमा लागू ही नावं ओळीनं घेतली तर हिंदी पडद्यावरच्या आईचा अर्धा इतिहास होतो. त्यातही फरक आहे. दुर्गाबाई आणि लीलाबाई आधी नायिका झाल्या आणि मग आया. हट्टंगडी आणि रीमा लागू यांना हिंदीनं तो मधला काळही दिला नाही. रीमा लागू ‘वास्तव’मध्ये ज्या संजय दत्तची आई झाल्या, तो त्यांच्यापेक्षा जेमतेम वर्षाभरानं लहान. अशा व्यवहाराचं समर्थन करण्याचा प्रश्नच येत नाही. पण धंद्यानं केलेला अन्याय आणि कलावंतानं केलेलं काम हे दोन वेगळे हिशेब आहेत. पहिला मांडताना दुसऱ्यातून वजावट करू नये. आईची भूमिका म्हणजे वाया गेलेली भूमिका असं आपण म्हणतो तेव्हा नकळत धंद्याचंच माप उचलतो. चाळिशीपुढच्या बाईत पाहण्यासारखं काही नसतं, हे ते माप. हट्टंगडी यांच्या कारकिर्दीनं जर काही खोटं पाडलं असेल तर नेमकं हेच.

शिवाय याच वर्षांत त्या रंगभूमीवर काय करत होत्या ते विसरून चालणार नाही. जयदेव हट्टंगडी यांनी बसवलेल्या ‘चांगुणा’मध्ये त्या लोर्काच्या ‘येर्मा’ची मराठी लेक झाल्या: मूल हवंय या एकाच ध्यासानं जळून जाणारी बाई. त्यांच्याच दिग्दर्शनात त्या ‘मीडिआ’ झाल्या: नवऱ्याच्या दगाबाजीचा सूड म्हणून स्वतःची मुलं मारणारी आई. आणि १९८१ मध्ये, ‘गांधी’चं चित्रीकरण झालं त्याच वर्षी, तेंडुलकरांच्या ‘मित्राची गोष्ट’मध्ये त्या मित्रा झाल्या: एका मुलीवर जीव जडलेली कॉलेजातली तरुणी, जिला ते प्रेम कुठे ठेवायचं हे समाज सांगत नाही. म्हणजे जिची मूल होण्याची तहान भागत नाही ती, जी आपल्याच मुलांचा जीव घेते ती, आणि जिच्या आयुष्याच्या नकाशात आईपण कुठे बसतं हे तिलाच ठाऊक नाही ती, अशा तिघी त्यांनी रंगमंचावर जगून पाहिल्या होत्या. पडद्यावरच्या त्यांच्या आया इतक्या निरनिराळ्या का आहेत, याचं उत्तर मला इथे दिसतं. मातृत्व हे आपोआप पवित्र असतं असं मानून त्यांनी एकही भूमिका केली नाही, कारण त्याची दुसरी, तिसरी, भीषण बाजू त्यांना आतून माहीत होती. कोणी म्हणेल, ही नाटकं पाहिली किती लोकांनी? प्रायोगिक रंगभूमीचे मोजके प्रयोग, लहान प्रेक्षागृहं. त्यांवर एवढा मोठा निष्कर्ष कसा बांधायचा? पण नाटकाचा पुरावा फक्त प्रेक्षकांच्या आठवणीत उरत नाही. तो नटाच्या पुढच्या कामात उरतो. ‘अग्निपथ’मधली सुहासिनी चव्हाण पाहावी. मांडव्याच्या मास्तराची विधवा, मुलगा मुंबईचा गुंड झालेला, समोर अमिताभ बच्चन ऐन भरात. जेवायच्या वेळी ती त्याच्या हातांवर बोट ठेवते. ते हात धुऊन स्वच्छ होणारे नाहीत हे दोघांनाही माहीत आहे. पटकथेला तिथे रडणारी आई चालली असती. हट्टंगडी मुलाला माफ न करण्याची ताकद असलेली आई उभी करतात. तिचं प्रेम दिसतं, पण त्या प्रेमाला ती निर्णय बदलू देत नाही. ही बाई मीडिआच्या फार लांब राहत नाही. या भूमिकेलाही फिल्मफेअर मिळालं. त्याच्या आदल्याच वर्षी ‘चालबाज’मध्ये त्यांनी आणि खेर यांनी श्रीदेवीला छळणारं जोडपं रंगवलं होतं, आणि तिथे त्या मनसोक्त दुष्ट आहेत. ‘सारांश’च्या दोघांना पुन्हा जोडीनं, इतक्या उलट्या रंगात पाहणं हा मला आजही आनंद वाटतो.

पुरस्कारांकडे पाहिलं तर आणखी एक गोष्ट नजरेत भरते. बाफ्टा, फिल्मफेअर आणि १९८४ च्या ‘पार्टी’साठीचा राष्ट्रीय पुरस्कार, हे सगळे सहायक अभिनेत्रीचे. बाफ्टा तर ‘रेड्स’च्या मॉरीन स्टेपलटन यांच्याबरोबर विभागून. यावरून दुसरा आक्षेप येतो, की उत्तम सहायक अभिनेत्री ही शेवटी दुसऱ्या फळीचीच पदवी. ‘पार्टी’ला डोळ्यांसमोर ठेवून मी त्याचं उत्तर देईन. महेश एलकुंचवारांच्या नाटकावरून गोविंद निहलानी यांनी केलेल्या या चित्रपटात एका लेखकाच्या सन्मानार्थ मेजवानी आहे आणि शहरातले सगळे नामांकित तिथे जमले आहेत. हट्टंगडी मोहिनी आहेत: त्या लेखकाची सोबतीण, एकेकाळची नटी, आता हातात पेला घेऊन वावरणारी. लेखकाच्या मोठेपणाचा हिशेब चित्रपटभर चालतो, पण त्या मोठेपणाची किंमत कोणी चुकवली हे फक्त मोहिनीकडे पाहून कळतं. घरातही ती नटीच राहिली आहे. भावना खरी असली तरी सादर केल्याशिवाय तिला राहवत नाही, आणि त्यातलं खरं कुठे संपतं हे तिलाही उमगत नाही. अभिनय करणाऱ्या बाईचा अभिनय करायचा आणि तो खोटा वाटू द्यायचा तरी वेदना खरी ठेवायची, हे कुठल्याही नायिकेच्या भूमिकेपेक्षा कठीण काम आहे. चित्रपटात कोण किती मिनिटं दिसतं यावरून श्रेणी ठरते. चित्रपटाचं सत्य कोणाच्या अंगावर उभं आहे, यावरून ठरत नाही. हा दोष श्रेणीचा आहे.

तिसरा आक्षेप दूरचित्रवाणीचा, आणि तो त्यांच्या चाहत्यांकडूनच येतो. ‘चार दिवस सासूचे’ ही ई टीव्ही मराठीवरची मालिका २००१ मध्ये सुरू झाली आणि अकरा वर्षांहून अधिक चालली. तीन हजारांपेक्षा जास्त भाग झाले. अल्काझींच्या विद्यार्थिनीनं, मीडिआ करणाऱ्या नटीनं इतकी वर्षं रोजच्या मालिकेत घालवावीत? मालिकेच्या लेखनाची बाजू मी घेणार नाही. एवढ्या भागांत पुनरुक्ती होते, कथानक ताणलं जातं, एकाच प्रसंगावर तीनदा चेहरे दाखवले जातात, आणि तालमीला वेळ नसतो. यातलं बरंच काम हट्टंगडी यांच्या ताकदीच्या मानानं हलकं होतं, हे मान्य करायला हवं. तरी आशालता देशमुख पाहताना एक गोष्ट जाणवायची. आजूबाजूची पात्रं संवाद म्हणत असताना त्या ऐकत असायच्या. खरोखर ऐकत. कॅमेरा समोरच्यावर आहे की आपल्यावर, याचा त्या ऐकण्यावर परिणाम व्हायचा नाही. ही सवय रंगभूमीची, आणि ती रोज संध्याकाळी हजारो मराठी घरांत जाऊन बसली. २००४ साली संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला तेव्हाही ही मालिका चालूच होती. एका नटीत दोन्ही एका वेळी मावलं, हे आपल्या नाट्य-मालिका भेदाला न पटणारं असलं तरी खरं आहे.

वयाच्या माझ्या मुद्द्याला या मालिकेनं एक वेगळी बाजू दिली. ‘गांधी’त काही महिन्यांत पन्नास वर्षं उभी करणाऱ्या नटीला इथे अकरा वर्षं अकरा वर्षांतच जगायची होती. पन्नाशीच्या आसपास सुरू झालेली भूमिका साठीला पोचली. पडद्यावरचं वय आणि स्वतःचं वय पहिल्यांदाच बरोबरीनं चाललं. म्हातारपण आणावं लागत नव्हतं, ते येत होतं. पुढे ‘होणार सून मी ह्या घरची’मध्ये त्या आईआजी झाल्या, तेव्हा मला त्यांच्या कामात काहीतरी हलकं झाल्यासारखं वाटलं. बायकांनी भरलेल्या त्या घरातली ही वडीलधारी बाई करडी आहे, पण तिचा करडेपणा म्हातारपणातून येत नाही. उलट म्हातारपण ती जवळजवळ विसरूनच वावरते. तिशीत त्यांनी वाकलेली पाठ इतक्या बारकाईनं घडवली होती. साठीत त्यांना ती वाकवण्याची गरजच उरली नव्हती.

यातून एक प्रश्न राहतो आणि तो हट्टंगडी यांच्यापुरता नाही. बाईनं वय वाढवून दाखवावं याला आपल्या सिनेमानं आणि मालिकांनी कायम परवानगी दिली. कमी करून दाखवायला मात्र कधी दिली नाही. नायक साठीतही पंचविशीच्या नायिकेमागे धावतो. काबुकीत बांदो तामासाबुरो, १९५० चा जन्म, सत्तरी गाठल्यावरही तरुणी उभी करतात आणि प्रेक्षकाला त्यात काही चमत्कारिक वाटत नाही, कारण तिथे वय हे नटाचं काम मानलं जातं. ज्या नटीनं हे शिक्षण विशीत घेतलं, तिला आज कोणी रिकाम्या रंगमंचावर उभं करावं आणि रंगभूषेशिवाय चांगुणा करायला सांगावं, मित्रा करायला सांगावं. आपल्या रंगभूमीत तेवढी कल्पकता आहे आणि हे बघायला प्रेक्षकही येतील. मागणारा दिग्दर्शक तेवढा हवा.